डोळ्यांचा तुरुंग

हिंगोली जिल्ह्यातील पुसेगावी आमच्या घरच्या मुलांस जपानी ॲनिमेशनपटांचे मोठे वेड आहे. रेइको योशिदा या लेखिकेने कोणकोणत्या पटकथा लिहिल्या, हे त्यांस तोंडपाठ. त्यांच्या आग्रहास्तव योशिदाबाईंनी लिहिलेला ‘कोए नो काताची’ हा २०१६ सालचा चित्रपट आम्ही पाहिला. बहिऱ्या मुलीस छळल्याच्या पश्चात्तापाने पोळलेल्या मुलास पुढे कोणाच्याही डोळ्यांस डोळा भिडविता येत नाही. इतरांच्या चेहऱ्यांवर त्यास फुल्या दिसतात. ते पाहून आम्हांस १९५७ सालच्या ‘दो आँखें बारह हाथ’चे स्मरण झाले. तो कोणी लिहिला, असे विचारता मुले गप्प राहिली, आणि वडीलधारी मंडळी ‘शांतारामबापूंनी’ म्हणून मोकळी झाली!

त्याचे लेखक ग. दि. माडगूळकर. जन्म १९१९ साली शेटफळे येथे, शिक्षण औंधास, निधन १९७७ साली. ‘गीतरामायणा’च्या कवीस महाराष्ट्र विसरलेला नाही, परंतु ‘पुढचं पाऊल’, ‘लाखाची गोष्ट’, ‘जगाच्या पाठीवर’ यांची उभारणी करणारा पटकथाकार त्या कवीच्या सावलीत झाकला गेला, हे खचित.

औंध संस्थानात १९३९ साली आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत निघाली. भारतानंद या नावाने वावरणारे पोलिश अभियंते मॉरिस फ्रिडमन हे त्या प्रयोगाचे प्रवर्तक. माडगूळकरांचे माडगुळे गाव त्याच मुलखातले. त्या वसाहतीवरून ही कथा सुचली. परंतु भिंत नसलेला तुरुंग पडद्यावर दाखवावा कसा? माडगूळकरांनी भिंतीच्या जागी जेलर आदिनाथाचे डोळे ठेविले. सहा खुनी पळून जाऊ पाहतात, आणि ते डोळे त्यांस माघारी आणतात. पटकथाकाराची प्रतिभा म्हणतात ती हीच. स्वस्त भाजी विकल्यामुळे हे कैदी व्यापाऱ्यांच्या रोषास पात्र होतात, तो प्रसंग आमच्याकडील शेतकऱ्यास समजावून सांगावा लागत नाही.

आमचा आक्षेप शेवटाविषयी आहे. आदिनाथ बैलाशी झुंजताना मरतो व त्या मृत्यूने कैद्यांच्या परिवर्तनावर शिक्कामोर्तब होते. नित्याच्या श्रमाने जे साधले होते, त्यास बलिदानाची जोड कशास हवी होती? स्वतंत्रपुराचे मर्म रोजच्या विश्वासात होते. चित्रपटाने ते एका वीराच्या मरणात शोधले. योशिदाबाईंचा अपराधी मुलगा मात्र जिवंत माणसांत परततो आणि फुल्या गळून पडतात. तो शेवट आम्हांस अधिक खरा वाटला.

या चित्रपटास १९५८ साली बर्लिन येथे रौप्य अस्वल मिळाले, ते योग्यच झाले. तथापि ज्या लेखकाचे नावच आपण घेत नाही, त्याचे गुण तर राहोतच, दोषही आपणांस त्याच्या पदरी घालता येत नाहीत. टीकेचा आरंभ नावापासून होतो. हे आमच्या मुलांनी जपानी लेखिकेच्या बाबतीत सहज केले. घरच्या लेखकाच्या बाबतीत ते करण्याचे काम वडिलांचे आहे.