एका शाहिराचे छायालेखन

ठाण्याहून पूर्व द्रुतगती मार्गाने मुंबईकडे निघाले की आधी मुलुंड लागते आणि पुढे घाटकोपरची रमाबाई आंबेडकर नगर ही वसाहत. आम्ही कल्याण-डोंबिवलीची मंडळी या बाजूने जन्मभर ये-जा करतो. उतरून पाहिलेले मात्र फार थोडे. ११ जुलै १९९७ रोजी येथे डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याचे दिसले, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० माणसे मेली. चारच दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या आपल्या झोपडीत गळफास घेतला. आनंद पटवर्धन यांचा ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) हा अनुबोधपट येथून निघतो.

त्याला १४ वर्षे लागली. छायालेखन बव्हंशी आणि संकलनही पटवर्धनांचेच. मला या चित्रपटाचे मोल वाटते ते मुख्यतः संकलनात. मुंबईतील झोपडपट्टीवासीयांवर त्यांनी १९८५ साली ‘हमारा शहर’ काढला, त्यात घोगरे गायले होते. तेव्हा ते अनेकांतले एक होते. तेच चित्रीकरण इथे पुन्हा येते, आणि तोच चेहरा, तोच खडा आवाज आता वेगळाच ऐकू येतो. कारण माणूस उरलेला नाही. फीत जपून ठेवणे हे अर्धेच काम. ती केव्हा, कशाच्या शेजारी लावायची हे ज्याला कळते तोच खरा जतन करणारा.

आपल्याकडे लोककलेवरचे किती तरी अनुबोधपट निघाले. त्यांत बहुधा गाणे सुरू होते न होते तोच निवेदकाचा भारदस्त आवाज त्यावर चढून बसतो! पटवर्धन गाणाऱ्याला गाऊ देतात. वस्तीवस्तीतली भीमगीते, भोवतालची पोरेबाळे, ऐकणाऱ्यांची तोंडे, सारे त्या गाण्याबरोबरच टिपले जाते. पुढे पुण्याच्या कबीर कला मंचाची शीतल साठे गाऊ लागते, तेव्हा ही परंपरा घोगऱ्यांपाशी थांबलेली नाही हे सांगायला शब्द लागत नाहीत.

एक तक्रार आहे. ६ डिसेंबरला दादरला येणाऱ्या जनसमुदायाबद्दल नाक मुरडणारी सुशिक्षित माणसे कॅमेऱ्यापुढे बोलतात. त्यांना बोलते करून आपलेच हसे करून घ्यायला लावणे मला जरा सोपे वाटले. शाहिरांना दिलेला धीर दिग्दर्शकाने त्यांना दिलेला नाही. (अर्थात ती वाक्ये आमच्या डोंबिवलीच्या फलाटावर मी शब्दशः ऐकली आहेत, हेही सांगितले पाहिजे.) राजकीय सभांचा भागही थोडा आवरता आला असता.

लांबी जवळजवळ तीन तास वीस मिनिटे. घरी पाहणार असाल तर रात्रीची जेवणे आटोपून बसू नका. भाऊबिजेच्या दुपारी, फराळाची ताटे उचलल्यावर लावा, आणि थोरल्या मुलांनाही जवळ बसवा. ती प्रश्न विचारतील.