जॉन चाचा आणि त्यानंतरचे डेव्हिड

टोरंटोतील आपल्या मंडळींत डेव्हिड अब्राहम चेऊलकर यांचे नाव निघाले की कोणीतरी हटकून सांगतो, ‘ते इथेच वारले.’ खरेच आहे. ठाण्यात जन्मलेल्या या आपल्या माणसाचा शेवट 1981-82 च्या हिवाळ्यात कॅनडात झाला. त्यापुढे 1969 ची पद्मश्री, शंभराहून अधिक चित्रपट आणि समारंभांतील खुसखुशीत निवेदन, एवढे झाले की विषय संपतो. काही जण तर ‘आलम आरा’चे लेखनही त्यांच्याच नावावर टाकतात, ते जोसेफ डेव्हिड पेणकर यांचे. कौतुक भरपूर होते, पण त्यांचे काम कसे होते हे कोणी बोलत नाही. म्हणून शब्बाथ सरल्यावर, दर शनिवारी एक, असे त्यांचे चार चित्रपट आम्ही पुन्हा पाहिले.

‘बूट पॉलिश’ (1954) मधील जॉन चाचा सर्वांना आठवतो तो प्रेमळ म्हणून. भोला आणि बेलू या पोरक्या भावंडांना चाची भीक मागायला लावते, आणि हा त्यांना सांगतो, हात पसरू नका, काम करा. पण सांगणारा स्वतः चोरून दारू विकतो, हे आम्ही साफ विसरलो होतो. सगळी गंमत तिथेच आहे. स्वतःला जे जमले नाही ते पोरांना जमावे, अशी त्या माणसाची धडपड आहे. पोलीस त्याला धरून नेतात तेव्हा पोरांचा आधारच तुटतो. त्याच्या चांगुलपणाला असे मोल द्यावे लागते. सहाय्यक अभिनेत्याचे फिल्मफेअर पारितोषिक पहिल्यांदा दिले गेले ते याच भूमिकेला.

पुढे चित्रपटवाल्यांनी चाचाचे हसू तेवढे उचलले आणि दारूची बाटली मागे ठेवली, असे आमचे स्पष्ट मत आहे. ‘बातों बातों में’ (1979) मधले अंकल टॉम लग्ने जुळवतात, गोड बोलतात. त्यांचे स्वतःचे काहीच पणाला लागत नाही. त्याच वर्षीच्या ‘गोलमाल’मध्ये निदान थोडी लबाडी आहे. भवानीशंकरला काय आवडते हे रामप्रसादला पढवणारे डॉक्टर केदार तेच, आणि त्यात डेव्हिड यांचे डोळे बघा कसे चमकतात!

एक गोष्ट मात्र सलते. आम्हांला आठवणाऱ्या भूमिकांत ते ख्रिस्ती आहेत, हिंदू आहेत, ‘सत्यकाम’मध्ये रुस्तम नावाचे पारशी आहेत. यहुदी कुठेच नाहीत. बिमल रॉय यांनी 1958 साली ‘यहुदी’ काढला, तेव्हा एज्राची भूमिका केली सोहराब मोदींनी, म्हणजे पारशाने. पडद्यावरचा यहुदी तलवारी-झग्यांच्या रोमन काळातला. ठाण्या-पनवेलचा, मराठी बोलणारा, कारकुनी करणारा यहुदी कोणाला सुचलाच नाही. दोष डेव्हिड यांचा नव्हे, पण नुकसान आपले झाले.

‘अभिमान’ (1973) शेवटी पाहिला. लग्नाच्या स्वागतसमारंभात नवरा-बायको गातात, आणि बायको नवऱ्यापेक्षा वरचढ आहे हे सर्वांआधी ओळखतात ते डेव्हिड. पुढचे अरिष्ट त्यांना तिथेच दिसते. प्रसंग अगदी लहान, पण नेहमीचे अंकल तिथे नाहीत. आमच्यापैकी काहींचा त्याआधीच डोळा लागला होता. त्यांनी तेवढा तरी पुन्हा लावून पाहावा.