आई, वय वर्षे ४१

'वास्तव' (१९९९) मध्ये रीमा लागू संजय दत्तची आई आहे. जन्मसालं बघा: तिचं १९५८, त्याचं १९५९! तरी आपल्याला काहीच खटकत नाही. केसांतल्या पांढऱ्या रंगाने हे होत नसतं.

'बॉलिवूडची आई' हे बिरुद प्रेमाचं असेल, पण आळशीही आहे. त्यात 'मैने प्यार किया'मधली हसरी, मायाळू आई आणि 'वास्तव'ची शांता एकाच खणात जातात. शांता शेवटी स्वतःच्या पोरावर गोळी झाडते. तो सुटका मागतोय आणि तिच्या चेहऱ्यावर राग नाही, त्यागाचा आवही नाही. तापलेल्या पोराला कडू औषध पाजावं तसा निश्चय आहे. हा सीन कुठल्याही साच्यात बसत नाही.

टीव्हीने तिला जास्त ओळखलं, असं माझं मत. 'तू तू मैं मैं'मधली सासू देवकी सुप्रिया पिळगावकरच्या सुनेशी बरोबरीने भांडते. टोमणा मारून झाल्यावरचा तिचा पॉझ बघा, अर्धा विनोद तिथेच आहे. मे २०१७ मध्ये ती गेली, तेव्हा 'नामकरण' मालिकेत काम करत होती. भूमिका खलनायकी होती. बातम्यांत मात्र पुन्हा 'पडद्यावरची लाडकी आई'च.