प्रशासकीय अपिलांतील विलंब आणि न्यायालयीन उपाय : एक चिकित्सा

प्रस्तावना
अपील हा अन्याय दूर करण्याचा मार्ग होय. परंतु अपिलावर निर्णयच न होणे हाही अन्यायच ठरतो. रायगड जिल्ह्यातील कर्जत तालुक्यातील कोंडाणे येथील खातेदारास मंडळ अधिकाऱ्याने प्रमाणित केलेली फेरफार नोंद मान्य नसेल, तर महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २४७ अन्वये त्यास कर्जतच्या उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील करता येते. कलम २५० नुसार त्याची मुदत ६० दिवस आहे. पुढची पायरी अलिबागची, त्यापुढील नवी मुंबईतील विभागीय आयुक्तांची. खातेदाराने मुदत चुकविल्यास त्यास विलंबाचे समर्थन करावे लागते. अधिकारी मौन राहिल्यास मात्र पुढची पायरी आपोआप खुली होत नाही.

परमादेशाची मर्यादा
अशा वेळी संविधानाच्या अनुच्छेद २२६ अन्वये उच्च न्यायालयाकडून परमादेश मागता येतो. न्यायालय सामान्यतः गुणदोषांत न शिरता ठरावीक आठवड्यांत निर्णय देण्याचा आदेश देते. हा संयम तत्त्वतः योग्य आहे. कारण जमिनीचा ताबा, वारस यांसारखे तथ्यांचे वाद रिट याचिकेत सुटत नाहीत. तथापि त्याचा परिणाम विषम होतो. मुंबई गाठू शकणाऱ्याचे प्रकरण रांगेत पुढे येते आणि उरलेले मागे सरकतात. विलंबाचे मूळ कारण कायम राहते. शिवाय ‘निवेदनाचा विचार करावा’ अशा आदेशाने शिळा दावा पुनरुज्जीवित होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सी. जेकब प्रकरणात (२००८) स्पष्ट केले आहे. म्हणजे स्वस्थ वाट पाहणेही सुरक्षित नाही.

मौनाचा कायदेशीर अर्थ
शासकीय कर्मचाऱ्याची स्थिती याहून बरी आहे. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २० नुसार विभागीय अपिलावर ६ महिन्यांत अंतिम आदेश न झाल्यास तो उपाय संपला असे मानले जाते. कलम २१ अन्वये त्यापुढील एका वर्षात न्यायाधिकरणाकडे जाता येते. एस. एस. राठोर प्रकरणात (१९८९) सात न्यायमूर्तींच्या पीठाने विभागीय अपिले ३ ते ६ महिन्यांत निकाली निघावीत, अशी अपेक्षाही व्यक्त केली. फ्रान्समध्ये १९०० च्या कायद्याने ४ महिन्यांचे प्रशासकीय मौन नकार समजले जाऊ लागले. २००० च्या कायद्याने हा काळ २ महिन्यांवर आणला.

केवळ मुदत पुरेशी नसते. माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ च्या कलम १९(६) मध्ये पहिल्या अपिलासाठी ३० आणि कमाल ४५ दिवस ठरविले आहेत. तरीही या मुदतीला अर्थ येतो तो अपिलार्थीस दुसऱ्या अपिलाचा मार्ग खुला असल्यामुळे.

आक्षेप आणि निष्कर्ष
मौनास नकार मानल्यास अधिकारी कारणे देण्याचे टाळतील, हा आक्षेप रास्त आहे. म्हणून हा हक्क ऐच्छिक असावा. ६ महिन्यांनंतर वाट पाहावयाची की वरच्या प्राधिकाऱ्याकडे जावयाचे, हे अपिलार्थीने ठरवावे. आणि मौनाची कारणे वरिष्ठांनी लेखी मागवावीत. असे झाल्यास कोंडाण्याच्या खातेदारास पुढच्या पायरीसाठी प्रथम मुंबईहून परमादेश आणावा लागणार नाही. अलिबागचा दरवाजा त्यास कायद्यानेच उघडेल. राज्याने आपल्या नोकरांना जे संरक्षण दिले, ते शेतकऱ्यास नाकारण्याचे समर्थनीय कारण दिसत नाही.