कामगारांच्या राज्यातला माणूस

कामगारांचे राज्य आले म्हणजे कामगाराच्या घरातला प्रश्न संपतो काय? वोल्फगांग कोलहाझे या जर्मन पटकथाकाराचे चित्रपट पाहताना हा प्रश्न पाठ सोडत नाही. १९३१ साली बर्लिनमध्ये, कामगाराच्याच घरात जन्मलेला हा लेखक पूर्व जर्मनीच्या ‘डेफा’ या सरकारी चित्रसंस्थेसाठी लिहीत राहिला. त्या राज्याशी त्याचे वैर नव्हते. म्हणूनच त्याची साक्ष मोलाची आहे.

गेर्हार्ड क्लाइन दिग्दर्शित ‘बर्लिन – एके शोनहाउझर’ (१९५७) मध्ये पोरे पुलाखाली घुटमळतात, कारण घरात जागा नाही. अँगेलाच्या आईकडे तिचा विवाहित साहेब आला, की पोरीने रस्त्यावर जायचे. कोहले सावत्र बापाचा मार खातो. एका पश्चिमी मार्काच्या पैजेपायी रस्त्यावरचा दिवा फुटतो. घोषणाफलकावर न दिसणारे हे जगणे कोलहाझेने पडद्यावर आणले. अखेरीस मात्र समंजस पोलीस अधिकारी येतो आणि सगळ्याचा अर्थ समजावतो. ही तडजोड मला खटकते. पोरांचे दुःख पोरांनीच बोलायला हवे होते.

‘बर्लिन उम डी एके’ मध्ये ती बोलू लागली. कारखान्यातले तरुण पगारातल्या अन्यायावर बोट ठेवतात, जुन्या पिढीच्या उपदेशाला उलट विचारतात. डिसेंबर १९६५ मध्ये पक्षाच्या मध्यवर्ती समितीची बैठक झाली आणि त्या वर्षीच्या अनेक चित्रपटांबरोबर हाही गुंडाळला गेला. प्रेक्षकांपुढे यायला त्याला वीस वर्षांहून अधिक काळ लागला. कामगाराच्या नावाने चालणाऱ्या सत्तेला कामगाराचा पगाराविषयीचा प्रश्न सोसवला नाही! ‘आधी वर्गलढा, बाकीचे मग’ हे वर्षानुवर्षे ऐकत आलेल्या आपल्या कार्यकर्त्यांनी हा प्रसंग नीट पाहावा.

कोनराड वोल्फबरोबर केलेला ‘सोलो सनी’ (१९८०) मला त्याचे सर्वांत मोठे काम वाटते. कारखाना सोडून गाणारी सनी मागल्या अंगणातल्या जुन्या घरात एकटी राहते; शेजारी तक्रारी करतात. वर्गात ही कथा सांगितली तेव्हा एका विद्यार्थ्याने विचारले, “सर, काम होते, छप्पर होते, मग तिला कमी काय होते?” क्षणभर मी गप्प झालो. घरातला पहिला पदवीधर म्हणून नोकरी लागली तेव्हा मलाही लोक हेच विचारत होते. सनीला कोणाच्या मेहेरबानीचे स्थान नको असते. बँडमधली एक बाई म्हणून नव्हे, सनी म्हणून तिला ऐकले जावे, एवढीच तिची मागणी असते. रेनाटे क्र्योस्नरला या भूमिकेसाठी त्याच वर्षी पश्चिम बर्लिनच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा मान मिळाला.

१९९० मध्ये ते राज्य संपले. कोलहाझे २०२२ साली वारला. मधल्या काळात त्याने बाजाराची आरती ओवाळली नाही. आंद्रेआस ड्रेझेनसाठी लिहिलेल्या ‘झोमर फोर्म बाल्कोन’ (२००५) मध्ये वस्ती तीच, प्रेन्झलाउअर बेर्ग. दोन मैत्रिणी: एक घरोघर जाऊन म्हाताऱ्यांची सेवा करते, दुसरी बेकार, पदरी मूल. संध्याकाळी दोघी बाल्कनीत दारू घेऊन बसतात, खालच्या रस्त्याकडे पाहत.