‘सामान्य’ कथेची बाजू

‘लातालांत’ या १९३४ सालच्या फ्रेंच बोलपटाविषयी वाचायला घ्यावं, तर दिग्दर्शक ज्याँ व्हिगोचं कौतुक पानोपानी भेटतं. ते रास्तच आहे. पण मूळ कथा लिहिणाऱ्या ज्याँ गिनेच्या वाट्याला बहुतेक एकच शब्द येतो: सामान्य. त्यात ‘ज्याँ गिने’ हे टोपणनाव, म्हणजे माणूस आणखीच आडोशाला. या ‘सामान्य’ शब्दाशी मला जरा भांडायचं आहे.

झालं असं की, शाळकरी मुलांच्या बंडावरचा व्हिगोचा आधीचा चित्रपट १९३३मध्ये सेन्सॉरने अडवला. तेव्हा निर्माता नूने याने गिनेची कथा त्याच्या हाती ठेवली. एवढ्या साध्या कथेला कोण हरकत घेणार? गावाबाहेर कधी न पडलेली झ्युलिएत कालव्यातून माल नेणाऱ्या नावेच्या तांडेलाशी लग्न करते, नावेवर नांदायला जाते, कंटाळते, पॅरिसच्या ओढीने उतरते आणि शेवटी परत येते. बस्स.

पण हे ‘बस्स’ आपल्या ओळखीचं नाही का, बायांनो? वरात चर्चपासून निघते ती थेट नावेपाशी. नवरी लग्नाच्याच कपड्यात नावेवर चढते आणि काठ मागे पडतो. माहेर असं डोळ्यांदेखत सरकत जाताना मी दुसऱ्या कुठल्या चित्रपटात पाहिलेलं नाही. मग ती कपाट उघडते, तर आत साठवलेले मळके कपडे! नव्या घरातली पहिली ओळख ही अशी. समीक्षकांना इथे गोष्ट पातळ वाटते. आपल्याला वाटेल का?

व्हिगो आणि आल्बेर रिएरा यांनी पटकथा पुष्कळ बदलली, हे खरं. गिनेच्या कथेत म्हाताऱ्या खलाशाकडे, ज्यूलकडे, एक कुत्रा होता. व्हिगोने त्याच्या जागी मांजरांची फौजच आणली. मिशेल सिमोंच्या खांद्यावर चढणारी ती मांजरं विसरणं अवघड. पण मांजरांना बागडायला घर लागतं. ते घर गिनेचं.

तक्रार आहे ती शेवटाबद्दल. पॅरिसमध्ये झ्युलिएतची पर्स चोरीला जाते, ती काम शोधत फिरते. एवढं सोसलेल्या बाईला ज्यूल शोधून काढतो आणि सरळ खांद्यावर टाकून घेऊन येतो. विचारणं नाही, काही नाही. नवराबायकोची भेट सुंदर आहे, माझेही डोळे भरले. तरी वाटतं, तिला स्वतःच्या पायांनी नावेवर चढू द्यायला हवं होतं.

पुढे वितरकांनी चित्रपट कापला, एका लोकप्रिय गाण्याचं नाव त्याला दिलं, गाणंही आत घुसवलं. ५ ऑक्टोबर १९३४ रोजी व्हिगो गेला, अवघ्या २९व्या वर्षी. कापलेले तुकडे जुळवून चित्रपट नीट उभा राहिला तो १९९०मध्ये. मधल्या काळातल्या कापाकापीतही एक गोष्ट कुणाला काढता आली नाही: एक मुलगी काठ सोडून नावेवर चढते. ती काढली तर चित्रपटच उरत नाही. एवढं ज्याच्यावर उभं आहे, त्याला सामान्य म्हणायला माझी जीभ रेटत नाही.