राग, रोप आणि रक्त

पीटर टॉम्पकिन्स आणि ख्रिस्तोफर बर्ड या दोन अमेरिकन लेखकांचे ‘द सीक्रेट लाइफ ऑफ प्लांट्स’ हे पुस्तक १९७३ साली प्रसिद्ध झाले. वनस्पतिशास्त्राने ते केव्हाच बाद ठरवले, तरी त्यातल्या कथा भाषणांतून आणि पुरवण्यांतून अजून फिरत असतात. झाडाला संगीत ऐकवले की ते जोमाने वाढते, असे आपण सहज बोलून जातो तेव्हा बहुधा याच पुस्तकाचा उसना आधार घेतलेला असतो. म्हणूनच त्याच्याकडे एक वाङ्मयीन कृती म्हणून पाहण्याची गरज आम्हाला वाटते.

पुस्तकातला आमच्या दृष्टीने महत्त्वाचा भाग तामिळनाडूतला आहे. अण्णामलै विद्यापीठातील वनस्पतिशास्त्रज्ञ टी. सी. सिंग हायड्रिला या पाणवनस्पतीवर ध्वनीचा परिणाम पाहत होते. पेशीतल्या जीवद्रव्याचा प्रवाह आवाजाने वेगवान होतो का, हा त्यांचा मूळ प्रश्न. पुढे व्हायोलिन आले, कर्नाटक संगीतातले राग आले. इथपर्यंत सारे कुतूहलाचे आहे. पण संगीत ऐकलेल्या रोपांचे वाढीव गुण त्यांच्या बियांतून पुढच्या पिढ्यांत उतरतात, काही जातींची गुणसूत्रेसुद्धा बदलतात, असा दावा पुस्तक सिंग यांच्या नावावर नोंदवते, आणि एका नव्या काल्पनिक विज्ञानाचा जन्म होतो.

क्ष-किरणांनी आनुवंशिक बदल घडतात हे हर्मन म्युलर यांनी १९२७ साली फळमाश्यांवर दाखवून दिले. ध्वनीचे तसे नाही. ध्वनी म्हणजे दाबाची लाट. सेकंदाला १००० कंपनांच्या स्वराची हवेतली एक लाट सुमारे ३४ सेंटिमीटर लांब असते. प्रयोगशाळेत श्राव्यातीत ध्वनीने डीएनएचे तुकडे करतात, हे खरे. पण पोथी फाडणे वेगळे आणि तिच्यात नवा अध्याय लिहिणे वेगळे.

सजीव आवाजाला दाद देतात, हेही नाकारता येत नाही. अळी पान कुरतडताना होणारी कंपने ऐकवलेल्या रोपात पुढे बचावाची रसायने जास्त तयार होतात, असे मिसूरी विद्यापीठातील संशोधनात २०१४ साली दिसले. झेब्रा फिंच हा पक्षी कडक उन्हाळ्यात अंड्यांशी विशिष्ट आवाज करतो आणि पिलांची वाढ त्यानुसार बदलते, हे २०१६ साली प्रसिद्ध झाले. यातून एका जिवाचे आयुष्य आवाजाने बदलते एवढेच सिद्ध होते. तो बदल बीजात कोरला जातो, असे सिद्ध होत नाही.

मग हे पुस्तक वाचकाला पटते कसे? आमच्या मते, कथनाच्या बळावर. प्रत्येक प्रकरणात एक एकाकी नायक असतो आणि त्याच्यासमोर अरसिक शास्त्रज्ञांची फळी. शंका घेणारा अरसिक ठरल्यावर वाचक शंका घेईलच कशाला? जगदीशचंद्र बोस यांनी स्वतःच्या उपकरणांनी वनस्पतींचा प्रतिसाद मोजला. त्यांच्याच पंगतीला क्लीव्ह बॅक्स्टर येऊन बसतात. बोसांची पुण्याई बॅक्स्टर यांच्या खात्यावर जमा होते. कॉर्नेलच्या संशोधकांना बॅक्स्टर यांचे निष्कर्ष पुन्हा मिळाले नाहीत, हे १९७५ साली छापून आले. पण तोवर कथा जगभर गेली होती. आपल्याकडे तर तिला रागसंगीताची मोहोर लागलेली. अभिमान सुखावला की पुरावा मागायचे भान राहत नाही.

यात नुकसान काय, असे कुणी विचारील. आम्हाला ते मोठे वाटते. सूर बीजात उतरतो असे एकदा मानले, की ज्यांच्या पूर्वजांच्या कानी तो पडला त्यांचे बीज थोर आणि उशिरा आलेल्याचे हलके, हे ओघानेच येते. रक्ताच्या शुद्धतेची जुनीच भाषा नव्या शास्त्राच्या नावाने परत येते.

आपल्या संगीताचा इतिहास नेमका याच्या उलट आहे. किराण्याहून निघालेले उस्ताद अब्दुल करीम खाँ मिरजेत स्थिरावले. त्यांची गायकी कुंदगोळच्या रामभाऊंनी, म्हणजे सवाई गंधर्वांनी उचलली आणि गंगूबाई हनगल, भीमसेन जोशी यांच्यापर्यंत पोहोचवली. अल्लादिया खाँसाहेबांची विद्या गोव्याच्या केसरबाई केरकर आणि मोगूबाई कुर्डीकर यांनी मिळवली. धर्म वेगळा, जात वेगळी, मुलूख वेगळा. रक्ताचे नाते नव्हते, तालमीचे होते. उस्तादाच्या पोटच्या पोरालाही षड्ज पहिल्या दिवसापासूनच लावावा लागतो. सुराचा वारसा असतोच, पण तो शागिर्दाने रियाजाने कमवायचा असतो, आणि म्हणूनच तो कुणालाही मिळू शकतो.

हे पुस्तक वाचू नये, असे आमचे म्हणणे नाही. कथा म्हणून ते रंजक आहे आणि कथा म्हणूनच वाचावे. मात्र ज्या परंपरेची थोरवी सांगायला आपण त्याचा दाखला देतो, त्या परंपरेने वारशाची याहून अधिक खरी आणि अधिक उदार कल्पना आपल्याला आधीच दिलेली आहे, याचा विसर पडू नये.